कोळंबीवर खरवस

माझगाव, मुंबई
१४ जानेवारी १९५८

ती. सौ. वहिनीस भिकाजीचा साष्टांग नमस्कार.

मी मुंबईला सुखरूप पोहोचलो. जहाजावरची नोकरी सोडली. आता पुन्हा पाण्यावर जायचं नाही, असं ठरवलं आहे. सध्या गावकऱ्यांच्या खोलीत पथारी टाकली आहे. दादाला सांग, भाऊ कायमचा घरी यायचं म्हणतोय. पावसाळ्यासाठी आगबोटी बंद व्हायच्या आत वेंगुर्ल्याच्या धक्क्यावर उतरेन म्हणतो.

पण त्याआधी तुला एक काम करायचं आहे. आमचं जहाज इटलीत जिनोआ बंदरात दुरुस्तीला लागलं होतं आणि आम्हाला तिथे बरेच महिने काढावे लागले, हे मी तुला कळवलं नव्हतं. बंदराजवळ तेरेझा म्हणून एक बाई आहे, ती खलाशांना खोली आणि जेवण देते. तिच्याकडे मी राहिलो. ती मासळी घालून एक भात करायची, त्याला तिकडे रिझोतो म्हणतात. मला त्याची अशी चटक लागली आहे की दुसरं काही खावंसंच वाटत नाही. घरी आल्यावर मला रोज तोच लागेल. तेव्हा तू आत्तापासून हात बसवून ठेव. कसा करायचा ते लिहितो, हसू नको.

तांदूळ उकडा नको, सुरय घे, आणि तो धुवायचा नाही. धुतला की त्याची खळ जाते, आणि ती खळच हवी असते. कोळंबीची डोकी, सालं आणि शिणाण्यांचे शिंपले उकळून ते पाणी गाळून चुलीच्या कडेला गरम ठेव. टोपात लोणी घाल, त्यात कांदा बारीक चिरून टाक, पण लाल होऊ देऊ नको. त्यावर कोरडे तांदूळ परत. मग ते पाणी एकेक पळी घालायचं. एक पळी आटली की दुसरी. सारखं ढवळत राहायचं, हात थांबला की भात बिघडला. पेज गाळायची नाही. भात मोकळा नको, पळीतून ओघळला पाहिजे. मग सोललेली कोळंबी, शिणाणे, मिळालं तर माकूल. उतरवल्यावर लोण्याचा गोळा, वाटीभर साय आणि मूठभर चीज किसून घालायचं. चीज म्हणजे घाबरू नको, दुधाचंच असतं. मिरची नाही, खोबरं नाही, सोलं नाहीत, तिरफळं तर अजिबात नाहीत. तेरेझाबाई वर एक पेला पांढरी दारू ओतायची, ती तू सोडून दे. दारूबंदीत तुला कुठे तो ताप.

भात जमला की कळव. मग मी बोटीचं बघतो.

तुझा दीर
भिकाजी

•

वेंगुर्ले
२६ जानेवारी १९५८

चि. भिकाजीस अनेक आशीर्वाद.

तू येतोस हे वाचून डोळ्यांत पाणी आलं. लगेच उठून माजघरापलीकडची तुझी खोली सारवायला घेतली. सारवून झाल्यावर पत्राचा राहिलेला भाग वाचला, आणि आधी एक तांब्या पाणी प्याले.

भिकाजी, हे तू काय लिहिलं आहेस? न धुतलेले तांदूळ? तांदळाला बारदानाचा वास असतो, पोरकिडे असतात, उंदीर त्यावरून फिरलेला असतो, तो सगळा ऐवज तू पोटात घालतोस आणि वर त्याला खळ म्हणतोस. खळ आपण कपड्यांना करतो. मग मिरची नाही, सोलं नाहीत, हळदसुद्धा नाही. माशाचा उग्र वास मारणार कशाने? तर म्हणे लोण्याने. आणि साय. माशात साय. हे वाचताना माझ्या घशाशी आलं. आपल्याकडे दुपारी मासे खाल्ले तर सासूबाई रात्री दुधाला हात लावू देत नसत. अंगावर कोड फुटतं हे तुला लहानपणापासून ठाऊक आहे. तुझ्या दादाला पत्र वाचून दाखवलं. रविवार होता, रेडीच्या खाणीवरून आला होता, खनिजाच्या धुळीने माखलेले पाय धूत होता. तो म्हणाला, "तेका लिव, माशात दूद घालून खावक आमी काय मांजरां आसव?" मग दिवसभर त्याने मासे खाल्ले नाहीत, एवढी त्याला शिसारी बसली.

आणि ओघळणारा भात आपण कोणाला घालतो रे? दात न आलेल्या पोराला आणि दात गेलेल्या म्हाताऱ्याला. तू धडधाकट माणूस. बांगड्याचं तिखलं केलं की तिरफळंसुद्धा चोखून टाकणारा. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा तू एवढासा होतास, आई गेलेली, कोणाच्या हातून जेवत नव्हतास. मी भातावर तिखल्याचा लाल रस ओतला आणि तू डोळ्यांतून पाणी गाळत तो भात खाल्लास, आणि परत मागितलास. त्या दिवसापासून तू माझा झालास. आता तुला मिरची नको झाली.

नाव रिझोतो, पण तो कोणाला रिझवतो ते देव जाणे. आणि ही तेरेझा कोण? वय काय तिचं? खलाशांना खोली आणि जेवण देते म्हणजे आणखी काय देते?

माझ्या चुलीवर हा प्रकार होणार नाही. तू ये. तुला काय खायला घालायचं ते मला कळतं.

तुझी वहिनी
सुगंधा

•

माझगाव
५ फेब्रुवारी १९५८

ती. सौ. वहिनीस साष्टांग नमस्कार.

तेरेझाबाई साठीच्या पुढची आहे. तिला मिशा आहेत आणि तिचे दोन नातू बंदरात हमाली करतात. तेव्हा तो विषय सोड.

मी मुद्दाम सांगतो, गंमत म्हणून लिहिलेलं नाही. तो भात घरी होणार असेल तरच मला घरी येता येईल. होणार नसेल तर मी इथेच राहीन. गोदीत एका ओळखीच्या माणसाने पहारेकऱ्याचं काम देऊ केलं आहे. कारण विचारू नको. माझ्यासाठी आजवर तू काय काय केलंस, त्यात एवढं आणखी कर.

दादाला नमस्कार.

भिकाजी

•

वेंगुर्ले
१६ मार्च १९५८

चि. भिकाजीस आशीर्वाद.

उशीर झाला, कारण चीक मिळत नव्हता. मागल्या पत्राने मी रात्रभर तळमळले. माझ्यामुळे तू परक्या गावात दाराशी पहारे करत बसणार असशील तर माझ्या सोवळेपणाला काय चाटायचं आहे, असं मनाशी म्हटलं. पण सगळं सामान जमवलं तरी चीक कुठून आणू? कोणाची गाय व्याली नव्हती. शेवटी परवा शेजारच्या राधाबाईची व्याली. मी भांडं घेऊन दारात उभी. तिने आनंदाने दिला, पहिल्या दिवसाचा, घट्ट, पिवळा. म्हणाली, "आदी देवाक दाखय, मगे खा." मी बरं म्हटलं.

तू लिहिलंस, मूठभर चीक किसून घाल. आता चीक किसणार कसा? तो तर पातळ. बराच विचार केला तेव्हा लक्षात आलं की त्याचा खरवस करून तो किसायचा असणार. गूळ घालायचा की नाही ते तू लिहिलं नव्हतंस. बिनगुळाचा खरवस मी जन्मात पाहिलेला नाही, म्हणून गूळ घातला, वेलची घातली, उकडला. चांगला झाला होता. पांढराशुभ्र नव्हे, पण थरथरीत. देवाला दाखवला.

मग परसात तीन दगड मांडले. घरातल्या चुलीवर करायचं मला धाडस होईना. कोंबड्यांचं खाणं शिजवते तो टोप घेतला. तू म्हणालास तसं सगळं केलं. तांदूळ धुतला नाही, डोळे मिटून तसाच टाकला. कोळंबीच्या डोक्यांचं पाणी पळीपळीने घातलं. ढवळून ढवळून खांदा मोडला. वाफेने मनगट भाजलं, फोड आला. भात शिजत गेला तसा त्याचा चिकट रबरबीत लगदा झाला. शाळेच्या भिंतीवर निवडणुकीचे कागद चिकटवायला आणतात ना, तसली खळ. तिच्यातून कोळंब्या वर डोकं काढत होत्या. साय घातली तेव्हा माझं अंग शहारलं. आणि मग त्या वासावर, त्या मासळीच्या उकडलेल्या उग्र वासावर, मी गुळाचा खरवस किसला.

भिकाजी, तू हे खातोस? खरवस गरम भातात विरघळला नाही, त्याच्या गुठळ्या झाल्या. गूळ सुटला. वेलचीचा वास आणि शिणाण्यांचा वास एकत्र आला तो मी मरेपर्यंत विसरणार नाही. मी पदर नाकाला लावून ढवळत होते आणि डोळ्यांतून पाणी येत होतं, धुराने नव्हे.

दादा आला, त्याला ताटात वाढलं. तुझ्या नावाने एक घास घेतला. तोंडात धरला, गिळेना, थुंकेना. शेवटी उठला आणि माडाच्या बुंध्याशी गेला. परत येऊन म्हणाला, "तेका सांग, तूच ता गिळ. आमच्यान जाणा नाय." मांजरापुढे ठेवलं, त्याने हुंगलं आणि पाय झटकत निघून गेलं.

एवढ्यात राधाबाई आली, "खरवस कसो झालो?" विचारत. टोपात बघितलं. तिच्या वासराच्या तोंडचा पहिला चीक, देवाला दाखवलेला, आणि त्यात कोळंब्या. ती उलट्या पावली गेली आणि संध्याकाळपर्यंत सगळ्या वाडीत झालं. विहिरीवर बायका मला जागा करून देतात, पण हसू पदराआड धरतात.

ते जाऊ दे. मी केलं आहे. तू म्हणालास तसं सगळं केलं आहे. आता बोटीचं बघ.

तुझी वहिनी
सुगंधा

•

(कार्ड)

माझगाव
२४ मार्च १९५८

ती. सौ. वहिनीस, चीक नव्हे. चीज. जहाजातला ज. विलायती पदार्थ असतो, दूध नासवून, घट्ट करून मुरवतात, खारट लागतो, डब्यात मिळतो. कोळंबीवर गुळाचा खरवस, हे वाचूनच मला मळमळलं, दिवसभर काही खाता आलं नाही. आता कोणाला काही मागू नको आणि काही करू नको. चूक माझीच, घरी हे जमेल असं मला वाटलं. मी इथे काम धरतो. खोलीत दादाची जाळी ठेवा. भिकाजी.

•

वेंगुर्ले
२ एप्रिल १९५८

भिकाजीस,

कार्ड लिहिलंस. पाकीट मिळालं नाही का तुला? पोस्टमनने वाचलं, वाण्याच्या दुकानात ते पडून होतं तिथे चौघांनी वाचलं, आणि मला मिळण्याआधी राधाबाईने मला त्यातला मजकूर सांगितला. "भिकाजीक मळमाळला, म्हंतत," म्हणाली. एवढं बोलून ती जी हसली, ती हसू आवरत नाही म्हणून खाली बसली.

तुला मळमळलं. माझं मनगट भाजलं त्याचं तुला काही नाही. ज्या वस्तूला हात लावायचीही किळस वाटते तिच्यात मी कोपरापर्यंत हात घातला, कोणासाठी? तुझं अक्षर असं की ज आणि क एकसारखे दिसतात, तर चूक माझी? शाळेत असल्यापासून तुझं अक्षर कोंबडीच्या पायासारखं आहे, मास्तर छड्या मारायचे आणि मी हळद लावायचे.

तुझी जीभ बाटली आहे, भिकाजी. आधी वाटलं होतं तिकडे कोणी बाई केली आहेस. आता वाटतं तसं असतं तर बरं झालं असतं, निदान माणसासाठी माणूस बदलला असं तरी म्हणता आलं असतं. तू एका लगद्यासाठी घर सोडतोस.

मला एकच लिही. सरळ लिही, आडवळणं नकोत. वहिनी, तुझ्या हातचं अन्न मला नकोसं झालं आहे. एवढं एक वाक्य लिही, म्हणजे मी तुझी वाट बघायची थांबेन.

सुगंधा

•

माझगाव
१२ एप्रिल १९५८

ती. सौ. वहिनीस शिरसाष्टांग नमस्कार.

ते वाक्य मी लिहायला बसलो होतो. लिहिलं असतं तर तू माझा नाद सोडला असतास आणि सगळं सोपं झालं असतं. पण हात चालेना. म्हणून खरं काय ते लिहितो. हे पाकिटातून पाठवतो आहे आणि तुझ्या हातात पडेल अशा माणसाकडे देतो आहे.

आमचं जहाज दुरुस्तीला लागलं नव्हतं. मला भर समुद्रात रक्ताची उलटी झाली. पोटात व्रण होता, तो फुटला. जिनोआत मला झोळीत घालून उतरवलं आणि जहाज पुढे गेलं. तिथल्या इस्पितळात माझं पोट फाडलं आणि अर्धं कापून टाकलं. आता आत मुठीएवढी पिशवी उरली आहे. तिच्यात थोडं थोडं, मऊ, बिनतिखटाचं, बिनआंबटाचं टाकायचं, तेवढंच राहतं. बाकीचं बाहेर येतं. मुंबईला उतरलो त्या दिवशी खोलीतल्या मंडळींनी माझ्यासाठी बांगड्याचं तिखलं केलं होतं. वास आला आणि मला आपलं घर आठवलं. मी दोन घास खाल्ले. नंतर कितीतरी दिवस मी उठू शकलो नाही. त्यांना सांगितलं, ताप आहे.

तू विचारतेस माझी जीभ बाटली का. वहिनी, जीभ तशीच आहे, पोट गेलं.

आणि मला तो भात आवडतो असं तुला वाटतं ना? मला त्याची शिसारी आहे. तुला परसात आली तशी मला रोज येते. तो कोमट, पांढरा, बुळबुळीत लगदा. त्याला ना चव ना रंग. पहिला घास तोंडात गेला की दाढा आपोआप घट्ट मिटतात. लोण्याचा थर टाळूला चिकटतो तो पाण्यानेही जात नाही. इथे तो मीच शिजवतो आणि भिंतीकडे तोंड करून खातो, म्हणजे माझं तोंड कोणाला दिसत नाही. दुसरं काही टिकत नाही म्हणून हे खायचं. माझ्या मनात एवढंच होतं की हेच तुझ्या हातचं असलं तर कदाचित घशाखाली सुखाने उतरेल.

आणखी एक सांगतो, म्हणजे तुला तेरेझाबाईचा राग राहणार नाही. तिच्या गावातही माशावर चीज घालत नाहीत. आपण दुधाला जसं मानतो तसंच ते चीजला मानतात, मासळीत पडलं की अन्न नासलं म्हणतात. पण डॉक्टरने तिला सांगितलं होतं, ह्याच्या अंगात काही उरलेलं नाही, लोणी, साय, चीज जे जाईल ते जाऊ दे. ती किसणी हातात घ्यायच्या आधी छातीवर क्रूस करायची, मान फिरवायची आणि किसायची. शेजारच्या बाया तिला नावं ठेवायच्या. मी तिचा कोणी नव्हतो.

मी आवड म्हणून लिहिलं, कारण आवड म्हटली की लोक फार तर शेफारला म्हणतील. खरं कळलं तर आपली वाडी काय करते ते तुला माहीत आहे. माणसाला एकदा नाव पडलं की पडलं. बाबलीचं एक बोट माशाने तोडलं, तो म्हातारा होऊन मेला तरी त्याच्या नातवंडांना बोटतुटक्याची म्हणतात. मी ताठ मानेने गाव सोडलं होतं. अर्धपोट्यो होऊन धक्क्यावर उतरायची माझी तयारी नाही. आणि तू वाढलेलं तिखलं ताटात तसंच ठेवून तुझ्याकडे बघायचीही नाही.

आमच्या खोलीतला महादू गावी येतो आहे. त्याच्या हाती या पत्राबरोबर एक डबा देतो आहे. त्यात चीज आहे. वाटलं तर उघड, नाहीतर समुद्रात टाक. मला येऊ दे म्हणून मी हट्ट धरणार नाही.

तुझा
भिकाजी

•

वेंगुर्ले
४ मे १९५८

चि. भिकाजीस अनेक आशीर्वाद.

महादू डबा आणि पत्र देऊन गेला. पत्र मी न्हाणीघरात जाऊन वाचलं, कारण घरात पाहुणे होते. नंतर तुझ्या दादाला सांगितलं. तो परसात जाऊन माडाखाली बसला तो दिवा लावायच्या वेळी आत आला. मला म्हणाला, "पोट अर्दां तर अर्दां. पण आमका कळवक नको?" आम्हा दोघांखेरीज हे कोणालाही ठाऊक नाही आणि होणार नाही.

मी तुला काय काय बोलले ते आठवून मला माझीच किळस आली. पण ते आता राहू दे, कामाचं लिहिते.

डबा उघडला. पावसात न वाळलेलं कांबळं कोपऱ्यात राहिलं की त्याला जो वास सुटतो, तो वास. मी झाकण परत लावलं. मग परत उघडलं. या वेळी परसात गेले नाही. घरातल्या चुलीवर केलं, माझ्या भाताच्या टोपात. कोणासाठी कोंबड्यांचं भांडं घ्यायचं आणि कोणासाठी घरचं, एवढं मला कळायला हवं होतं. तांदूळ तेवढा मी दोनदा पाखडला आणि कोरड्या फडक्याने पुसला, धुतला नाही. खळ राहिली. कांदा लाल होऊ दिला नाही. माकूल मासे विकणाऱ्या मथुरेने आणून दिलं. किसणी हातात घेतली तेव्हा तेरेझाबाई आठवली. ती आपल्या देवाचं नाव घेते, मी माझ्या देवाचं घेतलं. मान फिरवली आणि किसलं. तिला कधी पत्र लिहिलंस तर माझा नमस्कार कळव. तिची भाषा मला येत नाही, पण ती मान कशी फिरवते ते मला आता माहीत आहे.

भात जमला. पळीतून ओघळतो. आणि भिकाजी, तो घाणेरडा आहे, खरवसाचा होता त्यापेक्षा बरा, पण घाणेरडाच. माझ्या हातचा आहे म्हणून तो सुखाने उतरेल असं मी तुला खोटं लिहिणार नाही. उतरेल एवढं मात्र बघेन. रोज करीन.

राहिलं लोकांचं. त्याचा मी विचार केला. काल राधाबाईला हाक मारली. अजून रागात होती, पण काय शिजतंय ते बघायची हौस दाबता आली नाही, आली. मी ताट वाढून तिच्यासमोर बसले. ती म्हणाली, "ह्या काय गो? परत तांच?"

मी म्हटलं, "होय. माका आवाडता."

"तुका?"

"माका. भिकाजीन लिवन धाडल्यान, मी सहज करून बगलंय, आनि आता माका त्येच्याशिवाय जेवाणच जाणा नाय. चुलीर दुसरां काय शिजवक नको वाटता."

ती तोंडाला पदर लावून माझ्याकडे बघत राहिली. मी खाल्लं. ताटातलं सगळं खाल्लं, बोटं चाटली, आणि परत थोडं वाढून घेतलं. तिला विचारलं, घालू का वाटीत. ती उठून गेली ती तडक विहिरीवर. आज सकाळपर्यंत मला नाव पडलं आहे. काय पडलं ते इथे लिहिण्यासारखं नाही, आल्यावर कानांवर येईलच. आयुष्यभर राहील. राहू दे, ते माझं आहे, तुझं नाही.

आता तू ये. वाडीला एवढंच दिसेल की सुगंधा म्हातारपणी चळली आहे, घरात रोज तो पांढरा चिखल शिजवते, आणि बिचाऱ्या दिराला तिच्यापायी तोच खावा लागतो. तुझ्या पोटाबद्दल विचारायचं कोणाच्या मनातही येणार नाही. उलट तुझी कीव करतील आणि गुपचूप बांगडा आणून देतील, तो तेवढा घेऊ नको.

बोटी महिनाअखेर बंद होतात. मिळेल ती गाठ. खोलीतली जाळी काढली आहेत.

राधाबाई गेल्यावर मी माडाच्या बुंध्याशी जाऊन सगळं ओकले. ते मात्र तुझ्या दादालाही सांगितलेलं नाही.

तुझी वहिनी
सुगंधा